मारोतीच्या पोटातला खटका

हसू नका म्हटलं तरी तुम्ही हसणारच आहात, तेव्हा आधी तो चहा खाली ठेवा. अंगावर सांडला तर मला बोल लावू नका. आता जे सांगणार आहे ते सगळं माझ्या हुशारीनं घडलं, आणि माझ्या हुशारीनं कुणाचं भलं झाल्याचं आमच्या घरात तरी कुणाला आठवत नाही.

परवा आमच्या सूनबाईनं काय केलं, त्या कंप्युटरच्या पडद्यावर बारकी बारकी चित्रं असतात ना, एकावर टिचकी मारली की पत्त्यांचा डाव उघडतो, दुसऱ्यावर मारली की गाणी, ती सगळी बदलून टाकली. म्हणे, "बाबा, किती कंटाळवाणी होती ती. आता कशी छान दिसतात." दिसत होती छानच. पत्त्यांच्या जागी मोर, गाण्यांच्या जागी गुलाब, आणि एका कोपऱ्यात कसलीशी मांजर. मी सकाळभर मांजरीवर टिचक्या मारत बसलो, पत्ते काही सापडेनात. रागच आला होता. पण कुठल्या तोंडानं रागावू? हाच उद्योग मी स्वतः करून बसलोय, साठ सालाच्या आसपास. तेव्हा कंप्युटर हा शब्द अकोल्यात कुणाच्या कानावरून गेला नव्हता.

तेव्हा मी एका कापडाच्या दुकानात नोकरीला होतो. नवंच लग्न झालेलं. बायको सुमन, अमरावतीची. भाड्याच्या दोन खोल्या, मागे अंगण, आणि घरात नुकतीच आलेली वीज. नुसती वीज नाही हं. सासऱ्यांनी लग्नात दिलेला छताचा पंखाही होता. उन्हाळ्यात लोक उगाच आमच्याकडे काहीतरी विचारायला यायचे आणि पंख्याखाली बसून विचारायचं विसरायचे.

विजेचं काम रहीमभाई वायरमननं केलं होतं. तार कमी लागावी म्हणून त्यानं घरभराचे खटके बाहेरच्या खोलीत, दाराजवळ, एकाच लाकडी पाटीवर ओळीनं बसवले. बाहेरच्या खोलीचा दिवा, स्वयंपाकघराचा दिवा, अंगणाचा दिवा, पंखा आणि रेडिओ. पाचही खटके काळे, गोल, एकसारखे. कुठला कशाचा हे पाठ करायचं. आम्ही दोघांनी केलं. अनसूआत्याला ते जमेना.

अनसूआत्या म्हणजे माझ्या वडिलांची बहीण, तेल्हाऱ्याची. माझी आई मला कळायच्या आधीच गेली. आत्याला तिच्या नवऱ्याचं सुख नव्हतं, मूलबाळ नव्हतं. तिनं मला उचललं आणि वाढवलं. कापूस वेचायला जायची तेव्हा मला कपाशीच्या झाडाच्या, पऱ्हाटीच्या सावलीत निजवायची, आणि पऱ्हाटीला सावली ती केवढी, तर सूर्य सरकला की येऊन मला सरकवायची. अशी बाई. आता तिचे डोळे मंद झाले होते. विहिरीवर पाय घसरून पडली, तेव्हा मी जाऊन तिला अकोल्याला घेऊन आलो, कायमची. म्हणजे कायमची हे मी ठरवलं होतं. तिनं बरोबर दोनच लुगडी आणली होती.

पहिल्याच आठवड्यात घोटाळा झाला. सुमन अंगणात होती, आत्याला स्वयंपाकघरात उजेड हवा होता. तिनं एक खटका दाबला. उजेड पडला नाही. ती तशीच अंधारात चाचपडत कणीक काढायला गेली. तो खटका होता रेडिओचा, आणि त्या काळचा रेडिओ तापल्याशिवाय तोंड उघडत नसे. आत्या परातीशी बसते न बसते तोच बाहेरच्या खोलीत एक परका पुरुष मोठ्यानं बोलू लागला. आत्या लाटणं घेऊन बाहेर आली.

"कोन हाय रे तो? घरात बायामानसं हायेत, दिसत नाई काय?"

तो कापसाचे भाव सांगत राहिला.

सुमनला हसू आवरेना. पण रात्री जेवताना आत्या म्हणाली, "गजा, तुह्या घरात उजेड कुठी अन् मानूस कुठी, मले काई उमगत नाई. मिरगाच्या आधी मले तेल्हाऱ्याले पोचवून दे."

"आत्या, अवं सवय होते."

"लहानपनी होते सवय. आता कायची होते?"

खरं सांगतो, मला ती घरात हवी होती. ज्या बाईनं मला ऊन लागू दिलं नाही, ती त्या गावी एकटी विहिरीवर पाणी ओढणार, आणि मी इथे पंख्याखाली बसणार, हे काही मनाला पटेना. अडचण एवढीशीच तर होती, खटके ओळखता येत नाहीत. आत्याला वाचता येत नव्हतं, त्यामुळे नावं लिहून उपयोग नव्हता. पण चित्रं? चित्रं तर ओळखेल की.

आणि चित्रं माझ्याकडे ढिगानं होती. तेव्हा गिरणीतून कापडाचं ठाण आलं की त्यावर एक झुळझुळीत रंगीत लेबल चिकटवलेलं असे. सोनेरी कडा, आणि मधे देव. कुठे गणपती, कुठे लक्ष्मी. ठाण उघडलं की लेबल टाकून द्यायचे, मी ती सोडवून जपून ठेवायचो. माझ्या डोक्यात वीज चमकली. आत्याला एक अक्षर येत नसेल, पण तेहतीस कोटींतला एकेक देव ती लांबून ओळखते.

रविवारी दोघींना बाजारात पाठवलं आणि कामाला लागलो. बाहेरचा दिवा पहिला, म्हणून तिथे गणपती. स्वयंपाकघराला अन्नपूर्णा. अंगणाच्या दिव्याला सूर्यनारायण. रेडिओला वीणेसकट सरस्वती. आणि पंख्याला? तुम्ही काय लावलं असतं? मी मारोती लावला. वाऱ्याचा मुलगा! पंख्याला याच्याहून योग्य देव दाखवा मला. माझी मलाच शाबासकी द्यावीशी वाटली.

ब्लेडनं प्रत्येक चित्र खटक्याच्या मापाचं गोल कापलं, मधोमध भोक पाडलं आणि खळ लावून असं बसवलं की खटक्याचं बोंड बरोबर भोकातून बाहेर यावं. गणपतीच्या ते बेंबीच्या जागी आलं. सूर्याच्या रथात सारथ्याच्या जागी. मारोतीच्या नेमकं पोटात.

आत्या बाजारातून आली. मी तिला पाटीपुढे उभी केली आणि एकेक देव समजावून सांगितला. ती जवळ जाऊन डोळे बारीक करून बघत राहिली. मग तिनं डोक्यावरून पदर घेतला, हात जोडले, आणि तिच्या डोळ्यांत पाणी आलं.

"माह्यासाठी केलं रे हे सारं?"

"मंग कोनासाठी?"

तिनं माझ्या तोंडावरून हात फिरवला आणि कानशिलावर बोटं मोडली. मला वाटलं, जिंकलो. सुमन मागे उभी होती, ती काहीतरी बोलणार होती, पण आत्यानं तिच्याकडे पाहिलं आणि ती गप्प बसली. हे तेव्हा माझ्या लक्षात यायला हवं होतं. पण जिंकलेल्या माणसाला मागे उभं असलेलं कुणी दिसत नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी जेवायला घरी आलो. अकोल्याचा मे महिना, रस्त्यावर कुत्रंसुद्धा नाही. आणि आत्या बंद पंख्याखाली बसून सुपानं वारा घेत होती. कपाळावरून घामाच्या धारा.

"आत्या, पंखा काऊन बंद हाय?"

"असू दे. घामच हाय, त्यानं का मानूस मरते?"

मी जाऊन खटका दाबला. पंखा सुरू झाला, पण आत्या दचकली. "हं हं, हळू रे बाप्पा," म्हणाली. मला वाटलं, अस्सं, बाई विजेला भिते. मग मी तिला वीज समजावली. खटका लाकडावर बसवलेला असतो, बोटाला काही होत नाही, हे बघ. असं म्हणून मी गणपतीचं बोंड खालीवर, खालीवर करून दाखवलं. अन्नपूर्णेचं केलं. मारोतीचं तर चांगलं दहा-बारा वेळा केलं. प्रत्येक वेळी आत्याचा चेहरा पोटात कळ आल्यासारखा व्हायचा.

तिसऱ्या दिवशी तेच. चौथ्या दिवशी सुमन महिन्याची बाजूला बसली. संध्याकाळी घरी येतो तर सगळं घर काळोखात, आणि दोघी अंगणात कंदील लावून बसलेल्या.

"वीज गेली काय?"

"हो," सुमन म्हणाली.

शेजारच्या घरात दिवे लख्ख जळत होते. मी मुकाट्यानं आत जाऊन गणपती दाबला, अन्नपूर्णा दाबली, सूर्यनारायण दाबला. मनात म्हटलं, एक भिते ती भिते, हिलाही भीती लावली.

दरम्यान पाटीची मात्र आत्यानं फार काळजी घेतली हं. रोज सकाळी उदबत्तीचा वास यायचा. गणपतीजवळ जास्वंदीचं फूल खोचलेलं असायचं. पाटीखाली कुणी चपला काढल्या तर आत्या त्या उचलून बाहेर ठेवायची. मला वाटायचं, चला, ओळख होतेय, हळूहळू हातही लावेल.

शेवटी मी रहीमभाईला बोलावलं. म्हटलं, तूच तुझ्या तोंडानं सांग, खटक्यात करंट येत नाही म्हणून. रहीमभाई आला, पाटीकडे पाहिलं, आणि दारातच थबकला. मग चपला काढल्या.

"भैया, जरा हात धोने को पानी देव."

"पानी कायले? तू खटका खोलून दाखव यायले."

त्यानं हात धुतले, पुसले, पिशवीतून पेचकस काढला, मारोतीसमोर धरला, आणि पुन्हा पिशवीत ठेवला.

"इनके पेट में पेचकस? मेरे से नै होता भैया. तुमी दुसरा कोनी पाहा."

आता मला सांगा, इथे तरी माझ्या टाळक्यात उजेड पडायला हवा होता की नाही? देव माझे, आणि हात आखडतो रहीमभाई. पण नाही पडला. मी म्हटलं, कामचुकार आहे, उन्हाचं काम नको असेल.

त्याच संध्याकाळी आत्यानं लुगड्यांचं गाठोडं बांधलं.

"गजा, उद्याच्या मोटारीनं मले बसवून दे. लय झालं राहनं."

"काऊन? माह्याकून काई चुकलं काय?"

"तुह्याकून कायचं चुकते? सोन्यासारखा पोरगा तू."

मग जातेस कशाला, तर ती गाठोड्याची गाठ आवळत राहिली. सुमनला विचारलं, तर ती म्हणाली, "आत्याबाईंनी मले शपथ घातली हाय." मला इतकं वाईट वाटलं की मी कुणाशी न बोलता जाऊन पडलो. वाटलं, आपण तिच्यासाठी एवढं केलं, आणि तिला आपलं घर परकंच वाटतं. त्या रात्री घरात तिघांनाही झोप नव्हती.

सकाळी उठून पाहतो तर आत्या न्हाऊनधुऊन, पदर खोचून पाटीपुढे उभी. हातात तांब्या आणि तुळशीचं पान. जायच्या आधी देवांची नीट पूजा करून जायची म्हणून तिनं प्रत्येकाला स्नान घातलं होतं. तुळशीच्या पानानं का होईना, पण पाणी ते पाणीच. वर हळदकुंकू. शनिवार होता. मला पाहून तिनं तेलाची वाटी पुढे केली.

"घे बाबू, मारोतीले तेल वाहय. तेवढं तुलेच करा लागते."

माझा रात्रभराचा राग उफाळला. म्हटलं, "आत्या, याले तेलही लागत नाई अन् फूलही लागत नाई. याले निस्ता दाबा लागते. पाहाय, असा." आणि मी मारोतीच्या पोटात, त्या ओल्या खटक्यावर, अंगठा चांगला रोवून दाबला.

पुढचं मला नीट आठवत नाही. सुमन सांगते की मी एक आवाज काढला, तो माणसाचा नव्हता. पाटीतून ठिणगी उडाली, आणि मी उडून आत्याच्या गाठोड्यावर जाऊन बसलो. डोक्यावरचे केस उभे, हात कोपरापासून झिणझिणत होता. फ्यूज उडाला तो वेगळाच.

आत्या तांब्या टाकून धावली. माझं डोकं पोटाशी धरलं, आणि पाटीकडे बघून हात जोडले. "देवा मारोती, लेकरू हाय रे, माफ कर त्याले. त्याले समजत नाई." मग मला म्हणाली, "मले माईतच होतं, एक ना एक दिवस थो हाननार."

"कोन हाननार?"

"मारोती! येवढे दिवस तू त्याच्या पोटात बोटं खुपसून राहिला, थो का आयकून घेईन?"

"म्हंजे तू पंखा लावत नव्हती ते..."

"अरे येड्या, बाईच्या जातीनं मारोतीले हात लावाव काय? थो ब्रह्मचारी देव. अन् बाकीच्यायचं तरी? गनपतीच्या बेंबीत बोट घालू? पारोशा आंगानं अन्नपूर्णेले शिवू? सूनबाई चार दिवस बाजूला बसली तं घरात सरस्वतीले कोन हात लावंन? तुमी दोघंबी दिवसभर खटखट, खटखट देवायले टोचून राहिले. मले पाहवत नाई रे. म्हून म्हनलं, आपन आपल्या तेल्हाऱ्याले बऱ्या."

"मंग सांगितलं काऊन नाई?"

आत्या माझा झिणझिणणारा हात चोळत राहिली.

"पोरानं माह्यासाठी इतक्या मायेनं देव मांडले. त्याले कोन्या तोंडानं सांगू का काढून टाक म्हून?"

आता बोला. जिला घरात ठेवायला मी पाच देव कामाला लावले, त्याच देवांनी तिला घरातून काढलं होतं. ती बाई मे महिन्यात उकडून निघत होती, अंधारात बसत होती, गाव गाठायला निघाली होती, पण माझं मन मोडायला तयार नव्हती. मला रडूच आलं. शॉक बसलेल्या माणसाला रडू येतं, असं मी सुमनला नंतर सांगितलं, पण तिचा विश्वास बसला नाही.

रहीमभाईला परत आणलं. त्यानं आधी मेन बंद केला, जळालेला फ्यूज बांधला, मग माझ्याकडे बघून एवढंच म्हणाला, "अब समझे क्या?" मी खळ ओली करून एकेक देव हळूच सोडवला. ते आता टाकायचे कुठे? देव कचऱ्यात जात नाहीत, आणि मोर्णा नदीत मे महिन्यात पाणी म्हणाल तर म्हशी बसतील एवढं. म्हणून पाऊस पडेपर्यंत ते देवघरात जाऊन बसले, हक्काच्या जागी.

पाटी पुन्हा काळी झाली. पाच काळे, गोल, एकसारखे खटके. आत्या समोर उभी, गाठोडं अजून बांधलेलंच.

"आत्या, फुलं लावू काय? नाई तं पाखरं?"

"फुलं तं देवाचीच असतात. अन् पाखराच्या पोटात तरी कायले बोट घालाव?" तिनं विचार केला. "तुहा फोटो नाई काय?"

"माहा?"

"हो, तुहा. तुले बोट लावाले मले कायची भीती? न्हानपनी काय कमी ठोकला तुले?"

सुमन हे ऐकताच आत गेली आणि लगबगीनं माझे बारके फोटो घेऊन आली. सरकारी नोकरीसाठी अर्ज करायचो, त्यासाठी काढलेले. नोकरी एकही लागली नव्हती, त्यामुळे फोटो भरपूर उरले होते. तिला ते कुठे ठेवलेत हे इतकं पटकन कसं आठवलं, याचा मी आजही विचार करतो.

पण पाचही खटक्यांवर मीच बसलो तर ओळखायचा कुठला? तर दोघी काजळाची डबी घेऊन बसल्या. मला कुणी काही विचारलं नाही. बाहेरच्या दिव्याच्या गजाला चष्मा काढला, तो वाचत बसलाय. अंगणाच्या गजाला मुंडासं, तो राखणदार. स्वयंपाकघरातल्याला सुमननं दोन्हीकडे टम्म फुगलेले गाल दिले, तोंडात घास आहे म्हणून. रेडिओच्या गजाचं तोंड कानापर्यंत उघडं. आणि पंख्याच्या गजाच्या तोंडातून फुंकर निघत होती. खटक्याचं बोंड पाचही ठिकाणी नाकाच्या जागी आलं. मला वाटतं, ते मुद्दाम आणलं होतं.

आत्यानं पदर सावरला, पुढे झाली, आणि माझं नाक दाबलं. पंखा गरगर फिरू लागला. ती खाली बसली, तोंड वर करून डोळे मिटले, आणि वारा घेत राहिली. तेल्हाऱ्याची मोटार त्या दिवशी तिच्याशिवाय गेली. त्या दिवशीच नाही, नंतरही रोज तिच्याशिवायच गेली. आत्या शेवटपर्यंत आमच्याकडे राहिली.

मात्र माझी अब्रू गेली. घरी आलेला प्रत्येक माणूस बसायच्या आधी पाटीपुढे जाऊन उभा राहायचा. आमच्या दुकानाचे शेठजी एकदा आले, तर त्यांनी पाणी नंतर मागितलं, आधी पाचही गजे दाबून पाहिले. आणि आत्याला तर नादच लागला. गरज असो नसो, येता-जाता एकेकाचं नाक दाबून बघायची.

एकदा मी अंगणात खाटेवर पडलो होतो. आत दोघी ज्वारी निवडत होत्या. आत्या उठली, खटका वाजला, थोड्या वेळानं रेडिओ बोलू लागला.

"पाह्य सुमन," आत्या म्हणाली, "देवापक्षा आपला गजा बरा. नवस नाई, उपास नाई. एकडाव दाबला का चालते."

"तुमच्या म्होरं चालते आत्याबाई," सुमन म्हणाली. "माह्या म्होरं दोनदा दाबा लागते."